जॉर्ज कस्टर : ज्याच्या शेवटच्या लढाईची गोष्ट रिकाम्या काडतुसांनी बदलली

एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस अमेरिकेतल्या असंख्य दारूच्या गुत्त्यांमध्ये एक चित्र हमखास दिसायचं. बिअर बनवणाऱ्या अनहॉयझर-बुश कंपनीनं १८९६ मध्ये ते छापून देशभर वाटलं होतं. चित्रात एका टेकडीवर मोजके सैनिक उरले आहेत, चारही बाजूंनी आदिवासी योद्धे तुटून पडत आहेत आणि मधोमध लांब केसांचा एक अधिकारी तलवार उगारून शेवटपर्यंत लढतो आहे. तो अधिकारी म्हणजे लेफ्टनंट कर्नल जॉर्ज आर्मस्ट्राँग कस्टर.

चित्र जोरदार होतं, पण त्यात दोन ढोबळ चुका होत्या. त्या मोहिमेवर निघताना कस्टरनं केस बारीक कापले होते आणि त्याच्या रेजिमेंटनं तलवारी मागेच ठेवल्या होत्या.

मुद्दा फक्त केसांचा आणि तलवारीचा नाही. २५ जून १८७६ ला लिटल बिगहॉर्न नदीकाठी कस्टरसोबत गेलेल्या पाच कंपन्यांमधला एकही सैनिक जिवंत परतला नाही. त्यामुळे शेवटच्या तासाभरात काय घडलं, हे सांगणारा सैन्याच्या बाजूचा साक्षीदारच उरला नव्हता. समोरच्या बाजूला शेकडो साक्षीदार होते, पण त्यांचं ऐकायची कोणाची फारशी तयारी नव्हती. ती मोकळी जागा चित्रांनी, पुस्तकांनी आणि पुढे सिनेमांनी भरून काढली.

शंभरहून अधिक वर्षांनी त्या माळावर वणवा लागला, आणि पोलिसांच्या प्रयोगशाळेत वापरलं जाणारं शास्त्र या लढाईच्या तपासाला लागलं. त्यातून कस्टरची वेगळीच गोष्ट समोर आली. ती समजून घ्यायची, तर सुरुवात त्याच्या आयुष्यापासून करावी लागते.

वर्गात शेवटचा नंबर

कस्टरचा जन्म ५ डिसेंबर १८३९ ला ओहायो राज्यातल्या न्यू रम्ली या लहानशा गावात झाला. वडील लोहारकाम आणि शेती करायचे. त्याच्या बालपणाचा बराच काळ मिशिगनमधल्या मन्रो गावी सावत्र बहिणीकडे गेला. काही काळ त्यानं शाळेत शिकवलं आणि १८५७ मध्ये वेस्ट पॉइंटच्या लष्करी अकादमीत प्रवेश मिळवला.

अकादमीत तो अभ्यासापेक्षा खोड्यांसाठी प्रसिद्ध होता. बेशिस्तीबद्दल मिळणाऱ्या दोषगुणांचा आकडा चार वर्षांत सातशेच्या वर गेला. जून १८६१ मध्ये तो उत्तीर्ण झाला, तेव्हा चौतीस जणांच्या वर्गात त्याचा नंबर चौतिसावा होता. त्याच सुमारास पहाऱ्यावर असताना त्यानं दोन विद्यार्थ्यांची मारामारी थांबवली नाही, म्हणून त्याच्यावर लष्करी खटला चालला. एरवी हे प्रकरण महागात पडलं असतं. पण यादवी युद्ध सुरू झालं होतं आणि सैन्याला अधिकारी हवे होते, त्यामुळे तो समज मिळून सुटला.

नियम मोडायचा आणि वेळ अशी यायची की त्याची किंमत मोजावी लागू नये, असं त्याच्या बाबतीत पुढेही घडत राहिलं. सहकारी याला कस्टरचं नशीब म्हणायचे. हळूहळू त्याचाही त्यावर विश्वास बसला असावा.

तेविसाव्या वर्षी जनरल

यादवी युद्धानं कस्टरला मोठं केलं. जुलै १८६१ मध्ये बुल रनच्या पहिल्या लढाईत तो हजर होता. नंतर तो जनरल मॅक्लेलनच्या हाताखाली काम करत होता. जून १८६३ च्या अखेरीस त्याला एकदम ब्रिगेडियर जनरल करण्यात आलं. तेव्हा त्याचं वय होतं अवघं तेवीस.

लगेचच गेटिसबर्गची लढाई झाली. ३ जुलै १८६३ ला दक्षिणेकडच्या जेब स्टुअर्टचं घोडदळ चाल करून आलं, तेव्हा कस्टरनं मिशिगनच्या घोडेस्वारांना घेऊन थेट त्यांच्यावर चढाई केली. तो स्वतः सर्वांत पुढे होता. मखमली गणवेश, लाल गळपट्टा, खांद्यापर्यंत केस असा त्याचा थाट असायचा. शत्रूला तो लांबून ओळखू यायचा आणि आपल्या सैनिकांनाही. अधिकारी पुढे असला की माणसं मागून जातात, हे त्याला पक्कं ठाऊक होतं. त्याच्या ब्रिगेडनं या लढाईत मोठी हानी सोसली, पण स्टुअर्टला रोखलं.

फेब्रुवारी १८६४ मध्ये त्यानं मन्रोच्या न्यायाधीशांची मुलगी एलिझाबेथ बेकन, म्हणजेच लिबी, हिच्याशी लग्न केलं. लोहाराच्या मुलाला मुलगी द्यायला न्यायाधीश आधी तयार नव्हते. खांद्यावर जनरलची चिन्हं आल्यावर विरोध मावळला. एप्रिल १८६५ मध्ये अ‍ॅपोमॅटॉक्सला दक्षिणेचा सेनापती ली शरण आला, तेव्हा कस्टर तिथे होता. शरणागतीच्या अटी ज्या छोट्या टेबलावर लिहिल्या गेल्या, ते टेबल जनरल शेरिडननं विकत घेऊन लिबीला भेट दिलं.

युद्ध संपलं आणि तात्पुरत्या बढत्याही संपल्या. पंचविशीत मेजर जनरल झालेला कस्टर पुन्हा कॅप्टनच्या हुद्द्यावर आला. १८६६ मध्ये त्याला नव्यानं उभ्या राहिलेल्या सातव्या घोडदळ रेजिमेंटमध्ये लेफ्टनंट कर्नल म्हणून नेमण्यात आलं. आता लढाई गोऱ्यांच्या सैन्याशी नव्हती. पश्चिमेकडच्या विस्तीर्ण गवताळ प्रदेशात शायन, लकोटा सू आणि इतर आदिवासी राष्ट्रांविरुद्ध होती.

वॉशिताची पहाट

नव्या कामाची सुरुवात वाईट झाली. १८६७ च्या मोहिमेत त्यानं पळून जाणाऱ्या सैनिकांना चौकशीविना गोळ्या घालण्याचा हुकूम दिला आणि नंतर परवानगी न घेता ठाणं सोडून बायकोला भेटायला निघून गेला. कोर्ट मार्शल झालं. वर्षभरासाठी पद आणि पगार दोन्ही गेले. पण वर्ष पुरं व्हायच्या आतच शेरिडनला धडाडीचा अधिकारी हवा झाला आणि कस्टरला परत बोलावणं आलं.

२७ नोव्हेंबर १८६८ च्या पहाटे, आजच्या ओक्लाहोमा राज्यात, बर्फानं झाकलेल्या वॉशिता नदीकाठी शायन लोकांची वस्ती झोपेत होती. वस्तीचा प्रमुख ब्लॅक केटल हा गोऱ्यांशी तह करण्याच्या बाजूचा म्हणून ओळखला जात होता. चारच वर्षांपूर्वी सँड क्रीकच्या कत्तलीतून तो वाचला होता. कस्टरनं रेजिमेंटचे चार भाग केले आणि चारही बाजूंनी एकदम हल्ला चढवला. ब्लॅक केटल आणि त्याची बायको पळताना मारले गेले. मृतांमध्ये स्त्रिया आणि मुलंही होती. सैन्यानं वस्ती जाळली, शेकडो घोडे गोळ्या घालून मारले आणि ५३ स्त्रिया व मुलांना कैद करून नेलं.

नदीच्या खालच्या अंगाला आणखी मोठ्या वस्त्या होत्या, हे कस्टरला हल्ला सुरू झाल्यावर समजलं. तिथले योद्धे जमू लागले, तेव्हा तो कैद्यांना सोबत घेऊन सुखरूप बाहेर पडला. बायका-मुलं सोबत असताना योद्धे गोळीबार करायला कचरत होते. मात्र मेजर एलियट आणि त्याच्यासोबत गेलेले सतरा-अठरा सैनिक परतलेच नाहीत. त्यांचा नीट शोध न घेता कस्टर निघून गेला, ही गोष्ट रेजिमेंटमधला कॅप्टन फ्रेडरिक बेंटीन कधीच विसरला नाही. त्याचं टीकेचं पत्र वर्तमानपत्रातही छापून आलं.

वॉशितातून कस्टरनं तीन धडे घेतले असं दिसतं. वस्तीवर अचानक तुटून पडायचं, सैन्याचे भाग करून घेरायचं आणि बायका-मुलं ताब्यात घेतली की योद्धे लढणं सोडतात. आठ वर्षांनी त्यानं यातलं बरंचसं पुन्हा करून पाहिलं.

काळ्या टेकड्यांमधलं सोनं

१८६८ मध्ये फोर्ट लॅरमी इथे झालेल्या तहानुसार ब्लॅक हिल्स, म्हणजे काळ्या टेकड्यांचा प्रदेश, सू लोकांसाठी राखून ठेवला होता. त्यांच्या दृष्टीनं ही भूमी पवित्र होती. १८७४ मध्ये कस्टर हजाराहून अधिक माणसं, तोफा आणि वाद्यवृंद घेऊन याच टेकड्यांमध्ये शिरला. सोबत भूगर्भशास्त्रज्ञ होते, खाणकाम जाणणारे होते आणि पत्रकारही होते. सोनं सापडल्याची बातमी झपाट्यानं पसरली आणि खाणवाल्यांचे लोंढे सुरू झाले.

त्यांना आवरण्याऐवजी सरकारनं टेकड्या विकत मागितल्या. सू लोकांनी नकार दिला. मग राखीव क्षेत्राबाहेर राहणाऱ्या सगळ्यांनी ३१ जानेवारी १८७६ पर्यंत सरकारी ठाण्यांवर हजर व्हावं, असं फर्मान निघालं. ऐन हिवाळ्यात एवढा प्रवास जवळपास अशक्य होता. मुदत उलटली आणि सैन्याची मोहीम ठरली.

या मोहिमेला कस्टर जवळजवळ मुकलाच होता. त्या वसंतात युद्धमंत्री बेलनॅप यांच्या भ्रष्टाचाराची चौकशी सुरू होती. त्यात साक्ष देताना कस्टरनं राष्ट्राध्यक्ष ग्रँट यांच्या भावाचंही नाव घेतलं. चिडलेल्या ग्रँटनी त्याला मोहिमेतून काढलं. जनरल टेरी आणि शेरिडन यांच्या रदबदलीनंतर त्याला आपल्या रेजिमेंटसोबत जाण्याची परवानगी मिळाली. १७ मे १८७६ ला फोर्ट अब्राहम लिंकनहून निघताना त्याला गमावलेली पत मिळवायची होती. सोबत टॉम आणि बॉस्टन हे दोन भाऊ होते, बहिणीचा नवरा जेम्स कॅलहून होता आणि एक तरुण भाचाही होता.

२५ जूनची दुपार

क्रो आणि अरिकारा या जमातींचे वाटाडे सैन्यासोबत होते. २५ जूनच्या पहाटे त्यांना एका उंचवट्यावरून दूरवर घोड्यांचा प्रचंड कळप दिसला. कळप एवढा, तर वस्ती केवढी असेल, हे ओळखून त्यांनी सावध केलं. कस्टरला भीती वेगळीच होती. आपण दिसलो असू आणि वस्ती पांगली, तर सगळी मोहीम वाया जाईल. दुसऱ्या दिवशी पहाटे हल्ला करायचा बेत सोडून त्यानं लगेच निघायचं ठरवलं.

सुमारे सहाशे माणसांचे त्यानं भाग पाडले. मेजर रेनोला तीन कंपन्या, बेंटीनला तीन, एक कंपनी सामानाच्या खेचरांसोबत आणि पाच कंपन्या स्वतःकडे. समोरच्या वस्तीत लकोटा, शायन आणि त्यांच्या मित्रजमातींचे मिळून हजारो लोक होते. लढू शकणाऱ्यांची संख्या साधारण दीड ते दोन हजार असावी, असा अंदाज आहे. सिटिंग बुल हा त्यांचा आदरस्थानी असलेला नेता होता आणि क्रेझी हॉर्स, गॉल यांच्यासारखे लढवय्ये तिथे होते. आठच दिवसांपूर्वी त्यांच्यातल्या अनेकांनी रोझबड नदीपाशी जनरल क्रुकच्या सैन्याला रोखलं होतं. कस्टरला त्याची खबर नव्हती.

रेनोनं वस्तीच्या दक्षिण टोकावर हल्ला केला. तो लवकरच उलटला आणि चाळीसेक माणसं गमावून रेनो नदीपलीकडच्या कड्यावर चढला. बेंटीन तिथेच येऊन त्याला मिळाला. लवकर या आणि दारूगोळा आणा, असा कस्टरचा निरोप एका बिगुलवाल्यानं बेंटीनला पोचवला होता. कस्टरच्या तुकडीतून जिवंत बाहेर पडलेला तो शेवटचा सैनिक. दरम्यान कस्टर टेकड्यांच्या आडून उत्तरेकडे गेला होता. रेनोच्या माणसांना लांबून गोळीबार ऐकू आला. नंतर तो थांबला.

दोन दिवसांनी, २७ जूनला टेरीची फौज पोचली, तेव्हा टेकड्यांवर प्रेतं पसरलेली होती. कस्टरसोबतची सुमारे २१० माणसं मेली होती. त्याच्या कुटुंबातले पाचही जण त्यात होते. कस्टरच्या शरीरावर गोळीच्या दोन जखमा होत्या. एक छातीत आणि एक डाव्या कानशिलात. त्याचं वय होतं छत्तीस.

दंतकथा कशी घडली

अमेरिका स्वातंत्र्याची शंभर वर्षं साजरी करत असतानाच ही बातमी पूर्वेकडच्या शहरांत थडकली. लोकांना धक्का बसला आणि मग राग आला. सैन्य वाढवण्यात आलं. वर्षभरात बहुतेक सू आणि शायन शरण आले आणि १८७७ मध्ये काळ्या टेकड्या कायद्यानं काढून घेण्यात आल्या. लढाई जिंकलेल्यांनी युद्ध गमावलं.

त्याच वर्षी माळावरून काढलेले अवशेष वेस्ट पॉइंटला नेऊन कस्टरवर लष्करी इतमामात अंत्यसंस्कार झाले. लिबी चौतिसाव्या वर्षी विधवा झाली होती. पुढची जवळपास सत्तावन्न वर्षं तिनं नवऱ्याचं नाव जपण्यात घालवली. तीन पुस्तकं लिहिली, व्याख्यानं दिली. तिच्या हयातीत कस्टरवर उघड टीका करायला अनेक अधिकारी कचरत. ती १९३३ मध्ये गेली, तोवर त्यातले बहुतेक जण आधीच गेले होते.

दोष कोणाचा, यावर वाद चालूच होता. १८७९ मध्ये शिकागोत रेनोच्या वर्तनाची चौकशी झाली आणि पुढच्या कारवाईची गरज नाही, असा निर्णय आला. पण कस्टर शेवटपर्यंत शिस्तीत लढत पडला, या समजुतीला कोणी धक्का लावला नाही.

आदिवासी योद्ध्यांनी मात्र वेगळं सांगितलं होतं. रेड हॉर्स या लकोटा योद्ध्यानं १८८१ मध्ये लढाईची ४२ चित्रं काढून दिली. वुडन लेग, केट बिगहेड अशा शायन साक्षीदारांच्या आठवणी पुढे नोंदवल्या गेल्या. काही सैनिक धीरानं लढले, पण शेवटी अनेकांचा धीर सुटला, ते गोंधळले, धावू लागले, असा बऱ्याच जणांच्या सांगण्याचा रोख होता. या साक्षी एकमेकींशी जुळत नाहीत, भाषांतरात बिघडल्या असतील, अशी कारणं देऊन त्या बाजूला ठेवल्या गेल्या.

वणवा आणि मेटल डिटेक्टर

ऑगस्ट १९८३ मध्ये मोंटाना राज्यातल्या या रणांगणावर वणवा लागला. शेकडो एकरांवरचं दाट गवत आणि झुडपं जळाली आणि जमीन उघडी पडली. रिचर्ड फॉक्स या पुरातत्त्वज्ञांनी पाहणी केली, तेव्हा लढाईच्या खुणा अजून शिल्लक असल्याचं लक्षात आलं. १९८४ आणि १९८५ मध्ये राष्ट्रीय उद्यान सेवेचे डग्लस स्कॉट आणि फॉक्स यांच्या नेतृत्वाखाली मोठा शोध घेण्यात आला.

पद्धत साधी पण चिकाटीची होती. मेटल डिटेक्टर घेतलेले स्वयंसेवक ठरावीक अंतरावर ओळीनं चालायचे. यंत्र वाजलं की तिथे छोटा झेंडा रोवायचा. मागून येणारे लोक हळूच माती उकरायचे आणि वस्तू न उचलता तिची जागा, खोली आणि दिशा मोजून नोंदवायचे. त्यानंतरच ती पिशवीत जायची. गुन्ह्याच्या जागी पोलीस पंचनामा करतात, तसंच हे काम होतं. गोळ्या, काडतुसांच्या रिकाम्या पुंगळ्या, लोखंडी बाणाग्रं, बटणं, खोगिरांचे तुकडे आणि हाडं अशा हजारो वस्तू सापडल्या.

खरी गंमत पुंगळ्यांमध्ये होती. बंदुकीचा चाप ओढला की एक टोकदार पिन काडतुसाच्या बुडावर आदळते आणि तिथे खूण उमटते. प्रत्येक पिन थोडी वेगळी झिजलेली असते, त्यामुळे खूणही वेगळी असते. पुंगळी बाहेर काढणाऱ्या भागाचे ओरखडेही असेच उठतात. सुटलेल्या गोळीवर नळीच्या आतल्या वळणदार खाचांचे ठसे राहतात. म्हणजे बंदूक एका अर्थानं सही करून जाते. खुनाच्या तपासात दोन पुंगळ्या तुलनात्मक सूक्ष्मदर्शकाखाली शेजारी-शेजारी ठेवून त्या एकाच हत्यारातून सुटल्या का, हे ठरवतात. इथे तेच केलं, फरक एवढाच की गुन्ह्याच्या जागेला शंभरहून जास्त वर्षं झाली होती.

एकाच बंदुकीच्या पुंगळ्या दोन-तीन ठिकाणी सापडल्या की ती बंदूक कुठून कुठे गेली, याची रेघ नकाशावर ओढता येते. बंदूक हलली म्हणजे ती धरणारा माणूस हलला. मेलेल्या आणि विसरल्या गेलेल्या लढवय्यांच्या हालचाली अशा कागदावर उमटू लागल्या.

पुंगळ्यांनी काय सांगितलं?

पहिली गोष्ट हत्यारांची. कस्टरच्या सैनिकांकडे स्प्रिंगफिल्ड कार्बाइन होती. ती दूरवर अचूक मारा करायची, पण प्रत्येक बारानंतर नवं काडतूस भरावं लागायचं. समोरच्या बाजूनं जुन्या ठासणीच्या बंदुकांपासून हेन्री आणि विंचेस्टर रायफलींपर्यंत चाळीसहून अधिक प्रकारची हत्यारं वापरली गेली होती. हेन्री आणि विंचेस्टरमधून एकामागून एक गोळ्या झाडता येत. अंतर कमी झालं, तसा त्यांचा वरचष्मा वाढला.

कस्टरच्या कार्बाइनी अडकल्या म्हणून घात झाला, असं अनेक वर्षं म्हटलं जायचं. गरम झालेली तांब्याची पुंगळी नळीत रुतते आणि सुरीनं उचकटावी लागते, हे खरं. पण उचकटल्याचे ओरखडे असलेल्या पुंगळ्या फारच थोड्या निघाल्या. पराभवाचं ते मुख्य कारण नव्हतं.

दुसरी गोष्ट लढाई कशी मोडली याची. रणांगणाच्या दक्षिण टोकाला कॅलहून हिल नावाची टेकडी आहे. कस्टरचा मेहुणा कॅलहून तिथेच पडला. या टेकडीवर सैन्याच्या पुंगळ्या नियमित अंतरानं सापडल्या. लष्करी नियमपुस्तकाप्रमाणे सैनिक ओळ धरून लढत असल्याची ही खूण होती. पण जवळच हेन्री रायफलींच्या पुंगळ्यांचा मोठा साठा निघाला. तिथून योद्ध्यांनी या ओळीवर जोरदार मारा केला होता.

तिथून उत्तरेकडे कड्याच्या कडेनं जाताना चित्र पालटतं. सैन्याच्या पुंगळ्या विरळ होतात. मृतांच्या जागा दाखवणारे दगड मात्र घोळक्यांनी आहेत. पुंगळ्यांच्या जुळणीवरून दिसतं की ज्या बंदुकांनी कॅलहून हिलवर मारा केला, त्यातल्या काही पुढे कड्याच्या दिशेनं सरकत गेल्या. फॉक्स यांच्या मांडणीनुसार ओळ तुटली, सैनिक एकमेकांना चिकटून गोळा झाले आणि उत्तरेकडे पळाले. घाबरलेली माणसं घोळक्यात शिरतात आणि गोळ्या झाडणं कमी होतं, हे इतर युद्धांतही दिसलं आहे. ज्या टेकडीवर ते चित्र बेतलं होतं, त्या लास्ट स्टँड हिलवरही सैन्याच्या पुंगळ्या अपेक्षेपेक्षा कमीच निघाल्या.

काही बंदुकांच्या खुणा कस्टरच्या रणांगणावर आणि काही मैलांवरच्या रेनोच्या टेकडीभोवतीही सापडल्या. कस्टरची तुकडी संपवून योद्धे तिकडे वळले होते.

तिसरी गोष्ट हाडांची. मानवी हाडांचे तज्ज्ञ क्लाइड स्नो यांनी सापडलेले अवशेष तपासले. सैनिक तरुण होते, तरी अनेकांच्या मणक्यांवर सततच्या घोडेस्वारीचा ताण दिसत होता. कवट्यांवर मृत्यूच्या सुमारास झालेल्या जबर आघातांच्या खुणा होत्या. एका चेहऱ्याच्या हाडावर वाटाड्या मिच बूयरचा फोटो जुळवून पाहिला आणि पाइप ओढून झिजलेले दात तपासले, तेव्हा त्याची ओळख पटली. माळावर २१० मृतांसाठी २५० हून अधिक दगड का, हे कोडंही बरंचसं सुटलं. जिथे दोन दगड जोडीनं उभे होते, तिथे खणल्यावर बहुतेक ठिकाणी एकाच माणसाचे अवशेष निघाले.

मग कस्टर काय करत होता?

पुंगळ्या माणसाच्या मनातलं सांगत नाहीत, पण त्याच्या हालचाली सांगतात. फॉक्स यांच्या मते कस्टरनं आपल्या पाच कंपन्यांचेही दोन भाग केले. एक भाग मागे ठेवून तो दुसरा भाग घेऊन आणखी उत्तरेकडे गेला. वस्तीतल्या बायका-मुलं त्याच दिशेनं निघून गेली होती. म्हणजे चहूबाजूंनी घेरल्यामुळे तो टेकडीवर गेला नव्हता. बराच वेळ तो हल्लाच करत होता आणि वॉशितासारखी बायका-मुलं ताब्यात घ्यायला नदी ओलांडण्याची जागा शोधत होता. मागे ठेवलेला भाग तेवढ्यात कोसळला आणि मग सावरायला वेळच उरला नाही.

शेवटही बहुधा त्या प्रसिद्ध टेकडीवर झाला नाही. तिथून काही जण नदीकडच्या खोल घळीच्या दिशेनं धावले आणि तिकडे मारले गेले, असं आदिवासी साक्षीदार सांगत आले होते. घळीत पडलेल्या पंचविसेक सैनिकांची हाडं शोधूनही मिळालेली नाहीत. ती गाळाखाली खोल गेली असावीत.

या निष्कर्षांवर आक्षेपही आहेत. शंभर वर्षं पर्यटक या माळावरून वस्तू उचलत होते आणि लास्ट स्टँड हिलवर सर्वांत जास्त गर्दी व्हायची. तिथे पुंगळ्या कमी सापडल्या, याचा अर्थ तिथे कमी लढाई झाली असाच काढता येत नाही. शिवाय सैन्याच्या कार्बाइनी मेलेल्यांच्या हातून योद्ध्यांच्या हाती गेल्या होत्या. त्यामुळे कार्बाइनची प्रत्येक पुंगळी सैनिकाचीच, असंही म्हणता येत नाही. वेस्ट पॉइंटच्या थडग्यात आहेत ती हाडं नक्की कस्टरचीच का, अशीही शंका काही अभ्यासकांनी घेतली आहे.

एक गोष्ट मात्र या शोधानं पक्की केली. जमिनीतल्या खुणा आणि आदिवासी साक्षी शेजारी ठेवून वाचल्या, तर त्या अनेक ठिकाणी जुळतात. रेड हॉर्स आणि केट बिगहेड यांनी सांगितलेली घबराट कल्पनेतली नव्हती. ज्यांनी डोळ्यांनी पाहिलं, त्यांचं म्हणणं मानायला शंभर वर्षं आणि एक वणवा लागला.

नाव बदललं

या जागेला पूर्वी कस्टर बॅटलफील्ड म्हणत. १९९१ मध्ये अमेरिकी संसदेनं कायदा करून तिचं नाव लिटल बिगहॉर्न बॅटलफील्ड केलं. १९९९ पासून मारल्या गेलेल्या योद्ध्यांच्या जागीही तांबड्या ग्रॅनाइटचे दगड बसवले जाऊ लागले आणि २००३ मध्ये त्यांचं स्मारक उभं राहिलं. त्याआधी १९८० मध्ये सर्वोच्च न्यायालयानं काळ्या टेकड्या योग्य मोबदल्याविना घेतल्या गेल्याचं मान्य करून दहा कोटी डॉलरहून जास्त भरपाई मंजूर केली होती. सू राष्ट्रानं ती घेतली नाही. त्यांना पैसे नको आहेत, टेकड्या हव्या आहेत.

कस्टर धाडसी होता, यात वाद नाही. गेटिसबर्गला त्याच्या धाडसाचा त्याच्या बाजूला उपयोगही झाला. पण वॉशिताला जे चाललं, तेच तिप्पट-चौपट संख्येसमोरही चालेल असं त्यानं धरलं आणि वाटाड्यांचा इशारा कानाआड केला. लास्ट स्टँड हिलवर आजही पांढऱ्या दगडांच्या घोळक्यात त्याच्या नावाचा दगड आहे. तिथून थोड्याच अंतरावर, कड्याच्या उतारावर, लेम व्हाइट मॅन या शायन नेत्याचा तांबडा दगड आहे. तोही त्याच दुपारी आपली वस्ती वाचवताना पडला होता.